मदरबोर्डची पुस्तिका : आधी वाचावी, मग हात लावावा

दिवाळीच्या साफसफाईत घरातल्या जुन्या संगणकाचीही पाळी आली. कॅबिनेट उघडून आत साचलेली धूळ ब्रशने झाडली, जोडण्या सोडवल्या, पुसल्या आणि पुन्हा जोडल्या. बटण दाबल्यावर पंखा फिरू लागला, समोरचा दिवाही लागला. पण मॉनिटर मात्र काळाच. दुरुस्तीची कामे करणाऱ्या एका ओळखीच्या गृहस्थांना दूरध्वनी केला. त्यांनी लक्षणे ऐकून लगेच निदान केले, ‘बोर्ड गेला. आता त्या काळातला माल मिळत नाही. नवीन संगणकच घेऊन टाका.’

त्या संगणकात वडिलांचे हिशेब होते, मुलीच्या लहानपणीची छायाचित्रे होती. नवीन संगणक बाजारात मिळतो. त्या गोष्टी मिळत नाहीत. निरुपाय म्हणून माळ्यावरचा मदरबोर्डचा मूळ खोका खाली काढला. खोक्यात एक सीडी, एक जादा केबल आणि आजवर एकदाही न उघडलेली एक पातळ इंग्रजी पुस्तिका होती. तिच्या वीजजोडणीच्या पानावर एक सूचना होती. तिचा आशय असा, की चार पिनांची १२ व्होल्टची जोडणी केली नसेल, तर संगणक सुरू होणार नाही. कॅबिनेटमध्ये पुन्हा डोकावून पाहिले. चोवीस पिनांची जाड जोडणी नीट बसवली होती. प्रोसेसरजवळची चार पिनांची छोटी जोडणी मात्र लोंबकळत राहिली होती. ती बसवली आणि संगणक सुरू झाला.

या प्रसंगातून काढायचा बोध दुरुस्ती करणाऱ्यांवर अविश्वास दाखवण्याचा नाही. मुद्दा एवढाच आहे, की ज्या यंत्राबद्दल दुसरा कोणी दूरध्वनीवरून निर्णय देतो, त्या यंत्राची अधिकृत माहिती अनेकदा आपल्याच घरात पडून असते. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी ‘विंडोज १०’चा नियमित पाठिंबा संपल्यापासून जुन्या संगणकांचे काय करायचे, हा प्रश्न पुन्हा अनेक घरांत उभा राहिला आहे. त्यात आणखी पैसे घालायचे की तो निरोपाच्या वाटेला लावायचा, याचे उत्तर बऱ्याच अंशी त्या पुस्तिकेत असते. ती कशी वाचावी, याचा हा परिचय.

आधी ओळख पटवा

मदरबोर्ड म्हणजे ज्या मोठ्या पट्टीवर प्रोसेसर, रॅम, हार्ड डिस्क आणि इतर सर्व भाग जोडले जातात ती पट्टी. संगणक कोणत्या कंपनीचा, हा प्रश्न येथे गौण असतो. आपल्याकडील बहुसंख्य जुने संगणक लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारांतून सुटे भाग आणून ‘असेंबल’ केलेले असत. कॅबिनेटवर एक नाव, मॉनिटरवर दुसरे आणि आतल्या बोर्डावर तिसरेच, असा प्रकार असे. पुस्तिका लागते ती बोर्डाची.

बोर्डाचे नाव बहुधा स्लॉटच्या मधल्या मोकळ्या जागेत ठळक अक्षरांत छापलेले असते. संगणक चालू स्थितीत असेल, तर विंडोजमधील ‘सिस्टिम इन्फर्मेशन’ या सोयीतही ते दिसू शकते. मात्र नावापाशी थांबू नये. बोर्डाच्या कडेला किंवा कोपऱ्यात ‘रेव्ह’ या अक्षरांपुढे एक आकडा असतो. तो त्या बोर्डाची सुधारित आवृत्ती सांगतो. एकाच नावाच्या बोर्डाच्या दोन आवृत्त्यांमध्ये ध्वनीची चिप वेगळी असू शकते, चालणारे प्रोसेसर वेगळे असू शकतात आणि बायोसची फाइलही वेगळी असू शकते. नाव जुळले पण आवृत्ती जुळली नाही, तर हातात आलेली पुस्तिका आपली नव्हे, शेजाऱ्याची समजावी.

पुढील विवेचनासाठी एक प्रत्यक्ष उदाहरण घेऊ : गिगाबाइट कंपनीचा ‘जीए-जी३१एम-ईएस२एल’ हा बोर्ड. २००८-०९च्या सुमारास घरगुती आणि छोट्या कार्यालयांतील संगणकांत या जातीचे बोर्ड सर्रास वापरले गेले. या लांबलचक नावातही माहिती आहे. ‘जी३१’ हे इंटेलच्या चिपसेटचे नाव, तर ‘एम’ हे अक्षर ‘मायक्रो एटीएक्स’ या लहान आकाराचे निदर्शक. त्या काळच्या इतर कंपन्यांच्या पुस्तिकाही साधारण याच घडणीच्या असल्याने येथे सांगितलेले त्यांनाही थोड्याफार फरकाने लागू पडते.

पुस्तिकेची रचना

या पुस्तिकेची ढोबळमानाने चार प्रकरणे आहेत. पहिल्यात जोडणी, दुसऱ्यात बायोसची मांडणी, तिसऱ्यात ड्रायव्हरची प्रतिष्ठापना आणि चौथ्यात इतर सुविधा व परिशिष्ट. पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचत जाण्याची गरज नाही. किंबहुना तसे वाचायला घेतले, की दहाव्या पानावर पुस्तिका मिटली जाते, असाच बहुतेकांचा अनुभव आहे. तीन ठिकाणे आधी पाहावीत.

पहिले म्हणजे बोर्डाचा नकाशा. कोणती जोडणी कोठे आहे आणि तिचे छापील नाव काय, हे त्यात दाखवलेले असते. इंग्रजीचा सराव नसलेल्यालाही हे पान उपयोगी पडते, कारण चित्रातील आकार आणि बोर्डावरील आकार ताडून पाहता येतात. दुसरे म्हणजे वैशिष्ट्यांचा तक्ता. पैसे वाचवणारे पान हेच. तिसरे म्हणजे ठळक चौकटीत किंवा तारांकित बारीक टाइपात दिलेल्या सूचना. यंत्र वाचवणारा मजकूर तेथे असतो. वरची चार पिनांची सूचना अशाच ठिकाणी होती.

तक्ता म्हणजे मर्यादांची यादी

वैशिष्ट्यांचा तक्ता ही कंपनीची जाहिरात आहे, असे समजून आपण तो ओलांडतो. त्याकडे मर्यादांची यादी म्हणून पाहिल्यास तो बोलू लागतो. आपल्या उदाहरणातील बोर्डाच्या तक्त्यातून काय कळते, ते पाहू.

रॅमसाठी दोन स्लॉट आहेत, प्रकार डीडीआर२ आहे आणि कमाल मर्यादा ४ जीबी आहे. याचा सरळ अर्थ, प्रत्येक स्लॉटमध्ये जास्तीत जास्त २ जीबी. दुकानदाराने ‘४ जीबीची एकच पट्टी स्वस्त पडते’ असे सांगितले, तरी तिचा येथे उपयोग नाही. डीडीआर२ आणि डीडीआर३ या दोन्ही पट्ट्यांना २४० पिना असतात, त्यामुळे दुरून त्या सारख्याच दिसतात. परंतु त्यांची खाच वेगळ्या जागी असते आणि लागणारा विद्युतदाबही निराळा असतो. डीडीआर२ला १.८ व्होल्ट, तर डीडीआर३ला १.५ व्होल्ट. पट्टी सहज बसत नसेल तर जोर लावू नये. ती खाच चुकीची खरेदी थांबवण्यासाठीच ठेवलेली असते. दोन सारख्या क्षमतेच्या पट्ट्या बसवल्यास दोन्ही वाहिन्या एकाच वेळी काम करतात आणि वेग वाढतो, म्हणून पुस्तिका सारख्याच क्षमतेच्या व वेगाच्या जोडीची शिफारस करते.

बारीक टाइपातील एक टीप येथे ध्यानात घेण्याजोगी आहे. ३२-बिट विंडोजमध्ये ४ जीबी रॅम बसवूनही पडद्यावर तीन जीबीहून थोडी अधिकच दिसते आणि ग्राहकाला आपण फसवलो गेल्याची शंका येते. कारण असे, की ३२ बिटांत ४ जीबीइतकेच पत्ते मावतात आणि त्यांतील काही पत्ते डिस्प्लेसारख्या उपकरणांसाठी राखून ठेवावे लागतात. पट्टी सदोष नसते. पत्ते संपलेले असतात. ६४-बिट प्रणाली घातली म्हणजे पूर्ण रॅम मिळेलच असेही नाही, कारण तेही चिपसेटच्या क्षमतेवर अवलंबून असते.

डिस्कसाठी चार साटा जोडण्या आहेत आणि त्यांचा वेग सेकंदाला ३ गिगाबिट आहे. आज बाजारात मिळणाऱ्या साटा एसएसडीवर ६ गिगाबिटचा आकडा असतो. ती येथेही चालते, फक्त अर्ध्या कमाल वेगाने. तरीही फिरत्या हार्ड डिस्कच्या तुलनेत फरक लक्षणीय जाणवतो, कारण जुन्या डिस्कचा बराच वेळ वाचनशीर्ष योग्य जागी नेण्यात जात असे. जुन्या संगणकावर खर्च करायचाच असेल, तर पहिला खर्च याच वस्तूवर करावा, असे म्हणता येईल. मात्र एनव्हीएमई प्रकारची नवी पट्टीवजा डिस्क घेऊ नये. तिच्यासाठी या बोर्डावर स्लॉट नाही आणि कार्डाच्या मदतीने जोडली, तरी त्या काळचा बायोस तिच्यावरून संगणक सुरू करू शकत नाही. तीच गोष्ट २ टीबीहून मोठ्या डिस्कची. अशी डिस्क माहिती साठवण्यास वापरता येईल. परंतु जुन्या बायोसच्या पद्धतीने तिच्यावरून विंडोज सुरू करताना २ टीबीपलीकडचा भाग हाती लागत नाही.

प्रोसेसरच्या रकान्यात ‘एलजीए७७५’ हे सॉकेटचे नाव दिसते. हा सॉकेट २००४ साली आला आणि पेंटियम ४ पासून कोअर २ क्वाडपर्यंत अनेक प्रोसेसर त्यात बसले. येथेच फसगत होते. सॉकेटमध्ये बसतो म्हणजे बोर्डावर चालतो, असे नाही. कोणता प्रोसेसर कोणत्या आवृत्तीच्या बोर्डावर आणि बायोसच्या कोणत्या क्रमांकापासून चालतो, याची यादी कंपनी संकेतस्थळावर ठेवते. पुस्तिका छपाईच्या दिवशी गोठते, यादी मात्र पुढे वाढत राहते. म्हणून जुना प्रोसेसर विकत घेण्यापूर्वी पुस्तिकेबरोबर ती यादीही पाहणे आवश्यक आहे.

डिस्प्लेसाठी या बोर्डावर केवळ पंधरा छिद्रांची निळी व्हीजीए जोडणी आहे. नवा मॉनिटर केवळ एचडीएमआयचा असेल, तर नुसती केबल चालत नाही. व्हीजीएचा संदेश अॅनालॉग, तर एचडीएमआयचा डिजिटल असल्याने त्यांच्यामध्ये संदेश बदलून देणारे छोटे उपकरण लागते. ही गोष्ट मॉनिटर घरी आणण्यापूर्वी कळलेली बरी.

हात लावण्यापूर्वी

पुस्तिकेच्या सुरुवातीच्या सावधगिरीच्या सूचना सर्वांत कमी वाचल्या जातात. त्यातील पहिली सूचना म्हणजे वीज पूर्ण तोडणे. संगणक ‘शट डाऊन’ केला म्हणजे बोर्डातील वीज गेली, असा समज आहे. तो चुकीचा आहे. १९९५ साली इंटेलने आणलेल्या एटीएक्स या रचनेत संगणक बंद असतानाही एसएमपीएस बोर्डाला ५ व्होल्टचा क्षीण पुरवठा करीत राहतो. समोरचे बटण दाबताच संगणक जागा होतो, तो त्यामुळेच. या स्थितीत रॅम काढली वा बसवली, तर ती किंवा बोर्ड निकामी होऊ शकतो. म्हणून भिंतीवरील बटण बंद करून वायर काढावी, थोडा वेळ थांबावे आणि मगच कॅबिनेट उघडावे.

दुसरी सूचना स्थिर विद्युतभाराची. आपल्या अंगावरील तो भार आपल्याला जाणवतही नाही. पण चिपला तो पुरतो. काम सुरू करण्यापूर्वी आणि अधूनमधून कॅबिनेटच्या उघड्या धातूला हात लावावा. पट्टी किंवा कार्ड कडांनी धरावे, सोनेरी संपर्कांना बोटे लावू नयेत. एलजीए७७५ सॉकेटमध्ये नाजूक पिना प्रोसेसरला नसून सॉकेटलाच असतात. एखादी वाकली, तर बोर्डाचेच नुकसान होते. कारणाशिवाय प्रोसेसर काढू नये, हे उत्तम.

तिसरी सूचना पुस्तिकेत नाही, पण ती आजच्या काळाची आहे. काहीही सोडवण्यापूर्वी मोबाइलवर चारी बाजूंनी छायाचित्रे काढावीत. आमच्या घरी तेवढे केले असते, तर लोंबकळणारी जोडणी पाच मिनिटांत सापडली असती.

समोरच्या बटणांच्या बारीक वायरी

कॅबिनेटच्या दर्शनी भागावरून येणाऱ्या बारीक वायरी हा अनेकांच्या धास्तीचा विषय. बोर्डाच्या कोपऱ्यातील पिनांच्या एका जुडग्यावर त्या बसतात आणि त्यांचा क्रम बोर्डागणिक बदलू शकतो. आठवणीने किंवा अंदाजाने त्या बसवण्यापेक्षा पुस्तिकेतील आकृती समोर ठेवावी. एक साधा नियम लक्षात ठेवण्याजोगा आहे. सुरू करण्याचे आणि ‘रिसेट’चे बटण या दोन जोडण्यांना उलटसुलट नसते, कारण बटण केवळ दोन पिना क्षणभर जोडते. दिव्यांना मात्र धन आणि ऋण अशी बाजू असते. दिवा उलटा जोडला, तर तो लागत नाही, एवढेच. संगणकाला अपाय होत नाही.

यूएसबीच्या जुडग्याबाबत मात्र ही सवलत नाही. त्यातून ५ व्होल्टची वीज वाहते. वायरींचा क्रम चुकला, तर जोडलेला पेन ड्राइव्ह आणि कधी बोर्डही जळू शकतो. काही बोर्डांवर त्याच्याच शेजारी त्याच आकाराचा ‘१३९४’ नावाचा जुडगा असतो. दोहोंची अदलाबदल करू नये, असा स्पष्ट इशारा पुस्तिकांत आढळतो.

याहून जुन्या बोर्डांवर हा धोका अधिक असे. १९९०च्या दशकातील ‘सॉकेट ७’च्या बोर्डांवर प्रोसेसरचा वेग आणि विद्युतदाब छोट्या जंपरच्या टोप्या बसवून ठरवावा लागे. तक्ता चुकीचा वाचला, तर प्रोसेसर जळण्यापर्यंत वेळ येई. २००१ साली आलेल्या इंटेल ८४५ चिपसेटच्या बोर्डांत ३.३ व्होल्टचे जुने एजीपी कार्ड बसवू नये, ही सूचनाही त्याच जातीची. असा संगणक कोणी हौसेने किंवा एखाद्या जुन्या यंत्रासाठी जपला असेल, तर त्याच्यासाठी पुस्तिका हा सल्ला नसून अट आहे.

घड्याळाचा सेल

जुन्या संगणकाची सर्वांत सामान्य तक्रार सर्वांत स्वस्त वस्तूमुळे उद्भवते. बोर्डावर नाण्याच्या आकाराचा ‘सीआर२०३२’ हा ३ व्होल्टचा सेल असतो. संगणकाची वायर काढलेली असताना घड्याळ चालू ठेवणे आणि बायोसमधील नोंदी जपणे, हे त्याचे काम. तो संपला, की प्रत्येक वेळी तारीख अनेक वर्षे मागे जाते, सुरुवातीला ‘चेकसम’ची चूक दाखवली जाते आणि कधी हार्ड डिस्कचा क्रमही विसरला जातो.

याचा एक परिणाम मात्र लोकांना चकवतो. इंटरनेट चालू असूनही बँकेची किंवा सरकारी संकेतस्थळे उघडत नाहीत, धोक्याची सूचना येते. प्रत्येक सुरक्षित संकेतस्थळाच्या प्रमाणपत्राला मुदत असते. संगणकाची तारीख २००९ असेल, तर आजचे प्रमाणपत्र त्याला अद्याप सुरूच न झालेले वाटते. दोष इंटरनेटचा नसतो, सेलचा असतो. जुना सेल काढताना धन बाजू कोणत्या दिशेला आहे ते पाहून ठेवावे आणि नवा तसाच बसवावा.

बायोसमध्ये काही चुकीचे बदलले गेले आणि संगणक सुरूच होईना, तर नोंदी पुसण्याची सोय असते. या बोर्डावर त्यासाठी दोन पिना आहेत. वीज पूर्ण तोडून त्या पिना स्क्रू ड्रायव्हरसारख्या धातूच्या वस्तूने काही सेकंद जोडाव्या लागतात. त्यासाठी जंपरची टोपी वापरली असेल, तर संगणक सुरू करण्यापूर्वी ती आठवणीने काढावी, अन्यथा बोर्डाचे नुकसान होऊ शकते, असे पुस्तिका बजावते. इतर काही बोर्डांवर तीन पिना असतात आणि टोपी काढायची नसून पहिल्या जागी परत ठेवायची असते. ऐकीव माहितीवर हे काम का करू नये, याचे हे चांगले उदाहरण. नंतर बायोसमध्ये जाऊन कंपनीच्या मूळ नोंदी पुन्हा भरून घ्याव्यात आणि तारीख लावावी.

संगणकाचे बोल

मॉनिटर काळा असताना संगणक मुका नसतो. सुरू होताना तो स्वतःची तपासणी करतो आणि दोष सापडल्यास बारीक भोंग्यातून ठरावीक आवाज काढतो. आपल्या उदाहरणातील बोर्डावर अॅवॉर्ड बायोस आहे. त्यात एकच आखूड आवाज म्हणजे सर्व ठीक, तर एक लांब आणि दोन आखूड आवाज म्हणजे डिस्प्लेचा दोष. इतर बायोसची सांकेतिक भाषा वेगळी असते, म्हणून आपल्या बोर्डाचीच यादी पाहावी. काहीच ऐकू येत नसेल, तर भोंगा जोडलेला आहे का, हे आधी तपासावे. अनेक कॅबिनेटमध्ये तो दिलेलाच नसतो.

निदानाचा क्रमही साधा आहे. आधी दोन्ही वीजजोडण्या पाहाव्यात. मग रॅमच्या पट्ट्या काढून एकेक पट्टी, एकेका स्लॉटमध्ये बसवून पाहावी. वेगळे डिस्प्ले कार्ड असेल, तर ते काढून बोर्डावरील जोडणी वापरावी. प्रत्येक वेळी एकच बदल करावा, म्हणजे गुण कशाने आला ते कळते.

एका गोष्टीला मात्र विनाकारण हात लावू नये. बायोसची नवी आवृत्ती चढवण्याचा मोह अनेकांना होतो. चालू आवृत्तीत अडचण नसेल, तर ती बदलू नये, असे कंपन्याच आपल्या पुस्तिकांत सांगतात. कारण मध्येच वीज गेली, तर बोर्डाची मूळ आज्ञावलीच अर्धवट राहते. बायोस पुसला गेल्यावर काय होते, याचा अनुभव जगाने २६ एप्रिल १९९९ रोजी घेतला. त्या दिवशी ‘सीआयएच’ विषाणूने असंख्य संगणकांच्या डिस्कवरील माहिती नष्ट केली आणि काही बोर्डांचा बायोसही पुसून टाकला. आपल्या उदाहरणातील बोर्डावर बायोसची दुसरी प्रत ठेवण्याची सोय आहे. सर्व बोर्डांवर ती नसते. बायोस बदलणे अपरिहार्यच असेल, तर चालू स्थितीतील यूपीएसशिवाय ते करू नये.

पुस्तिका जे सांगत नाही

पुस्तिकेलाही मर्यादा आहेत. बोर्ड म्हातारा कसा होतो, हे ती सांगत नाही. साधारण १९९९ ते २००७ या काळात बनलेल्या अनेक बोर्डांवर सदोष कॅपॅसिटर बसवले गेले होते. प्रोसेसरभोवतीच्या या छोट्या उभ्या डब्यांची डोकी फुगलेली किंवा त्यांतून तपकिरी द्रव झिरपलेला दिसला, तर संगणक मध्येच बंद पडण्याचे कारण तेथे असू शकते. कुशल कारागीर ते बदलू शकतो. घरच्या घरी हा प्रयोग करू नये.

दुसरी न सांगितलेली गोष्ट अधिक दिलासा देणारी आहे. बोर्ड गेला म्हणजे माहिती गेली, असे नव्हे. हिशेब आणि छायाचित्रे बोर्डात नसतात, हार्ड डिस्कवर असतात. ती डिस्क काढून यूएसबीच्या जोडणीने दुसऱ्या संगणकाला जोडली, तर माहिती बहुधा जशीच्या तशी मिळते. म्हणून ‘बोर्ड गेला’ हे वाक्य ऐकताच संगणक भंगारात देऊ नये. आणि संगणक पुन्हा सुरू झाला, तरी पहिले काम म्हणजे त्या माहितीची दुसरी प्रत करणे.

पुस्तिका हरवली असेल तर

अनेक घरांत ही पुस्तिका रद्दीत गेलेली असते. अशा वेळी बोर्डाचे पूर्ण नाव आणि आवृत्ती घेऊन कंपनीच्याच संकेतस्थळावर शोध घ्यावा. ड्रायव्हर देतो म्हणणाऱ्या अनोळखी संकेतस्थळांपासून दूर राहावे. तेथून ड्रायव्हरऐवजी विषाणू घरात येण्याचीच शक्यता अधिक.

मात्र कंपनीचे संकेतस्थळही कायमचे नसते. इंटेलने जानेवारी २०१३ मध्ये डेस्कटॉप मदरबोर्डच्या व्यवसायातून बाहेर पडण्याची घोषणा केली आणि २०१९ मध्ये आपल्या जुन्या बोर्डांचे अनेक ड्रायव्हर व बायोसच्या फाइली संकेतस्थळावरून काढून टाकल्या. बोर्ड धडधाकट, पण त्याची कागदपत्रे नाहीशी, अशी अवस्था त्यामुळे आली. १९९६ साली स्थापन झालेल्या ‘इंटरनेट अर्काइव्ह’ या ना-नफा संस्थेच्या संग्रहात अशा बऱ्याच पुस्तिका आणि जुनी पाने सापडतात. शहाणपण असे, की आज मिळत असेल ती पुस्तिका आजच उतरवून पेन ड्राइव्हवर ठेवावी आणि बोर्डाचा नकाशा असलेले पान छापून कॅबिनेटच्या आतल्या बाजूला चिकटवावे. ज्या दिवशी पुस्तिकेची गरज पडते, त्या दिवशी नेमका तो संगणक बंद असतो.

ठेवायचा की द्यायचा?

अखेर निर्णय आपला. तक्ता सांगतो, की अशा बोर्डावर ४ जीबीपुढे जाता येणार नाही. ‘विंडोज ११’ त्यावर अधिकृतपणे चालत नाही. ८ एप्रिल २०१४ पासून सुरक्षा-पाठिंबा संपलेल्या ‘विंडोज एक्सपी’वर बँकेचे व्यवहार करणे शहाणपणाचे नाही. परंतु मराठी टंकलेखन, हिशेब, मुलांचा सराव, जुना प्रिंटर चालवणे यासाठी एक एसएसडी, एक सेल आणि एखादी हलकी लिनक्स प्रणाली एवढ्यावर हा संगणक आणखी काही वर्षे काम देऊ शकतो. याहून अधिक अपेक्षा असेल, तर त्यात पैसे घालू नयेत. हा हिशेब दुकानात उभे राहून नव्हे, तर घरी तक्ता समोर ठेवून करावा.

निरोपच द्यायचा ठरला, तर डिस्कवरील माहिती पूर्ण पुसून किंवा डिस्क काढून घेऊन संगणक अधिकृत ई-कचरा संकलन केंद्रात द्यावा. बोर्डात शिशासारखे घातक घटक असतात. १ एप्रिल २०२३ पासून देशात लागू झालेले ई-कचरा व्यवस्थापन नियम त्यासाठीच आहेत.

आमच्या घरचा संगणक आता पुन्हा कोपऱ्यातील टेबलावर आहे. छायाचित्रांच्या दोन प्रती करून झाल्या आहेत. आणि ती पातळ पुस्तिका माळ्यावर गेलेली नाही. ती टेबलाच्या खणात, वीजबिलांच्या शेजारी ठेवली आहे.